आधी आजची रात्र

पत्राचा गोषवारा: पत्र लिहिणाऱ्या ताई सातारा जिल्ह्यातल्या, वय ४४, शाळेत शिक्षिका. त्यांच्या आई ७१ वर्षांच्या आहेत. स्वादुपिंडाचा कॅन्सर यकृतापर्यंत पसरला आहे. पुण्यात केमो झाली, पण पुढच्या तपासणीत आजार वाढलेलाच दिसला. डॉक्टरांनी ‘आता पॅलिएटिव्ह केअरकडे (त्रास कमी करण्यावर भर देणाऱ्या सेवेकडे) वळा’ असं सांगून मॉर्फिनच्या गोळ्या लिहून दिल्या. त्या तीन आठवडे कपाटात तशाच आहेत, कारण न्यू जर्सीतला धाकटा भाऊ फोनवर म्हणाला, ‘मॉर्फिन देऊन मारणार आहेस का तिला?’ पैशाची काळजी करू नकोस, मोठ्या हॉस्पिटलात भरती कर, वेळ आली तर आयसीयूत ठेव, असा त्याचा आग्रह आहे. मावशी म्हणतात, निदान सलाईन तरी लावा. आईंना आजाराचं नाव सांगितलेलं नाही. ‘काविळीमुळे पोटात सूज आहे’ एवढंच सांगितलं आहे. वडील ७८ वर्षांचे, त्यांना कमी ऐकू येतं. मागच्या आठवड्यात आईंनी कपाटाची किल्ली ताईंच्या हातात दिली आणि पाटल्या कुणाला द्यायच्या ते सांगू लागल्या. ‘असलं अभद्र बोलू नकोस’ म्हणून ताईंनी विषय तोडला. त्या विचारतात: उपचार थांबवले तर मी आईला वाऱ्यावर सोडलं असं होईल का? की भावाचं ऐकून तिला पुन्हा भरती करू?

ताई,

तुमचा प्रश्न पत्राच्या शेवटच्या पानावर आहे. मी मात्र दुसऱ्या पानावर अडकले. ‘आई रात्रभर पोटाशी उशी धरून पुढे वाकून बसते, आणि मी दाराआड उभी राहून तिचं कण्हणं ऐकते.’ भरती करायचं की घरी ठेवायचं, भावाचं ऐकायचं की डॉक्टरांचं, हे ठरायला आठ दिवस लागले तरी चालतील. आईंच्या दुखण्याला मात्र आठ दिवस नाहीत. इतक्या वेदनेत त्यांना काही ठरवता येणार नाही. ते कण्हणं कानात असताना तुम्हालाही येणार नाही. म्हणून आधी आजची रात्र बघू.

ज्या डॉक्टरांनी गोळ्या लिहिल्या त्यांना आजच फोन करा. गोळ्या सुरूच केल्या नव्हत्या, हे न संकोचता सांगा. तीन आठवड्यांत कावीळ वाढली असेल, खाणं कमी झालं असेल, म्हणून डोस नव्यानं विचारून घ्या आणि कागदावर लिहून ठेवा.

मॉर्फिनची ही भीती तुमच्या भावाला एकट्याला वाटत नाही. आपल्या घरांत हे औषध बहुतेक वेळा अगदी अखेरच्या दिवशी येतं. दुसऱ्या दिवशी माणूस जातो आणि औषधानंच गेला असं घरातल्यांच्या मनात कायमचं बसतं. प्रत्यक्षात तोंडानं घ्यायचं मॉर्फिन थोड्या डोसापासून सुरू करतात आणि दुखणं किती उतरलं ते बघत बेतानं वाढवतात. अशा देखरेखीखाली माणसं ते महिनोन्महिने घेतात, उठतात, बसतात, नातवंडांशी बोलतात. कॅन्सरच्या वेदनेसाठी घेणाऱ्याला त्याचं व्यसन लागणं अगदी विरळा. पहिले दोन-तीन दिवस गुंगी येईल, मळमळेल. ते बहुधा ओसरतं. बद्धकोष्ठता मात्र ओसरत नाही, म्हणून पहिल्या गोळीबरोबरच पोट साफ होण्याचं औषधही मागून घ्या. उठवूनही जाग येईना किंवा श्वास फारच मंद झाला, तर लगेच डॉक्टरांना कळवा. गोळी आपल्या मनानं एकदम बंद करायची नाही.

आणि एक गोष्ट, जी घराघरांत चुकते: गोळी दुखायला लागल्यावर द्यायची नसते, घड्याळ बघून द्यायची असते. साध्या गोळ्या असतील तर साधारण दर चार तासांनी. दुखणं परतायच्या आत पुढची गोळी पोटात गेली, तर आईंना दुखण्याची वाट बघत बसावं लागणार नाही. वेदनेइतकाच त्रास ती वाट बघण्याचा असतो. घड्याळ बघून औषध देण्याचा आग्रह ज्यांनी जगभर रुजवला त्या सिसिली साँडर्स आधी नर्स होत्या, मग रुग्णालयातल्या समाजसेविका झाल्या, आणि वेदनेवर काम करायचं तर डॉक्टरच व्हायला हवं म्हणून वयाच्या ३८व्या वर्षी डॉक्टर झाल्या. १९६७ साली त्यांनी लंडनला सेंट ख्रिस्तोफर्स हॉस्पिस, म्हणजे अखेरच्या आजारातल्या माणसांची काळजी घेणारं ठिकाण, सुरू केलं. आजच्या हॉस्पिसची पद्धत तिथून रुळली. दुखणं फक्त शरीराचं नसतं. मनातली भीती, घरच्यांची चिंता, ‘मीच का’ हा प्रश्न, हे सगळं मिळून एकच दुखणं होतं, असं त्या म्हणत. आईंच्या पाटल्यांकडे मी याच नजरेनं बघते. त्यावर पुढे येतेच.

तुमच्या कपाटात त्या गोळ्या आहेत, हेही थोडं नाही. मॉर्फिन अफूपासून बनतं, आणि मध्य प्रदेश, राजस्थान, उत्तर प्रदेशात सरकारी परवान्यानं अफू पिकते. नीमच आणि गाझीपूरला सरकारी कारखाने आहेत. तरीही १९८५च्या अमली पदार्थांच्या कायद्यानंतर परवान्यांचं जंजाळ इतकं वाढलं की अनेक हॉस्पिटलांनी मॉर्फिन ठेवणंच सोडलं. त्या काळात किती माणसं कण्हत गेली असतील, याचा विचार केला की मला आजही संताप येतो. २०१४ साली कायदा सुधारला आणि मान्यताप्राप्त संस्थांना ते ठेवणं सोपं झालं. आजही कोपऱ्यावरच्या मेडिकलमध्ये ते मिळत नाही. म्हणून हातातल्या गोळ्या संपायच्या आठवडाभर आधी पुढची सोय लावा.

गोळ्यांनी भागलं नाही, तरी पुढचे मार्ग आहेत. स्वादुपिंडाच्या दुखण्यात पोटामागच्या नसांचं जाळं इंजेक्शननं बधिर करता येतं. अनेकांना त्यानं मोठा आराम पडतो. पित्ताची नळी दाबल्यामुळे कावीळ आणि खाज असेल, तर स्टेंट टाकून ती उतरवता येते. डॉक्टरांना या दोन्हींबद्दल नेमकं विचारा.

आता बघा, गोळ्या, इंजेक्शन, स्टेंट, हे सगळे उपचारच आहेत ना? तरी तुम्ही लिहिता, ‘उपचार थांबवले तर.’ या शब्दांपाशी मला तुम्हाला थांबवायचं आहे. थांबते आहे ती केमो, कारण ती आता आजाराला रोखत नाही आणि आईंची उरलीसुरली ताकद खाते. पॅलिएटिव्ह या शब्दाच्या मुळाशी लॅटिनमधला ‘पॅलियम’ आहे, म्हणजे अंगावर घ्यायचा झगा, पांघरूण. बाहेरची थंडी आपल्या हातात नसते. तरी माणसाला कुडकुडत ठेवायचं नाही, एवढं हातात असतं. शिवाय ही सेवा शेवटच्या आठवड्यापुरती नसते. बॉस्टनच्या मॅसॅच्युसेट्स जनरल हॉस्पिटलमध्ये फुप्फुसाचा पसरलेला कॅन्सर असलेल्या १५१ रुग्णांचा अभ्यास झाला, तो २०१० साली प्रसिद्ध झाला. त्यातल्या निम्म्या रुग्णांना नेहमीच्या उपचारांबरोबर सुरुवातीपासून पॅलिएटिव्ह केअर दिली होती. ते रुग्ण अधिक बऱ्या मनःस्थितीत होते, त्यांनी अखेरीला जहाल उपचार कमी घेतले, आणि तरीही ते बाकीच्या रुग्णांपेक्षा सरासरी अडीच महिन्यांहून थोडे जास्तच जगले. आईंचा आजार वेगळा आहे, म्हणून हे आकडे त्यांना लावू नका. पण ‘पॅलिएटिव्ह घेतलं म्हणजे लवकर गेली’ असं कुणी म्हणालं, तर त्याला आधार नाही हे लक्षात असू द्या.

मदत कुठे मिळेल? तुम्हाला जवळचं म्हणजे पुण्यात वारज्याचं सिप्लाचं केंद्र. १९९७पासून ते कॅन्सरच्या रुग्णांची विनामूल्य काळजी घेत आहे. तिथे रुग्णाबरोबर घरच्या माणसालाही राहता येतं. काही दिवस राहून दुखणं आटोक्यात आणायचं आणि घरी परतायचं, असाही त्याचा उपयोग होतो. मुंबईला वांद्र्यात शांती आवेदना सदन आहे, देशातलं पहिलं हॉस्पिस, डॉ. एल. जे. डिसोझांनी १९८६ साली सुरू केलेलं. त्याची शाखा गोव्यात लोटलीलाही आहे. टाटा मेमोरियलमध्ये यासाठी स्वतंत्र विभाग आहे. सरकारचा राष्ट्रीय पॅलिएटिव्ह कार्यक्रम २०१२चा आहे, पण तो सगळीकडे सारखा पोचलेला नाही. तरी तुमच्या जिल्हा रुग्णालयात चौकशी करा आणि गावातल्या आशाताईंना विचारा. इतर राज्यांतल्या वाचकांना तिरुवनंतपुरमच्या पॅलियम इंडियाकडून जवळच्या केंद्राचा पत्ता मिळू शकेल.

आता पाटल्या.

‘आईला कळलं तर ती खचेल’ असं तुम्ही तीनदा लिहिलंय. ताई, कपाटाची किल्ली कुणी सहज देत नाही. ज्या बाईनं पन्नास वर्षं ती कमरेला खोचली, ती काढून तुमच्या हातात दिली, याचा अर्थ तिला कळलंय. आजाराचं नाव नसेल ठाऊक, पण शरीर कुठे निघालंय ते ठाऊक आहे. त्या बोलायला आल्या होत्या आणि तुम्ही, केवळ मायेपोटी, त्यांना परत पाठवलंत. आता तुम्ही त्यांना जपताय आणि त्या तुम्हाला. एकाच खोलीत दोघी एकमेकींपासून लपून आहात.

यावर तुम्ही म्हणाल, मग जाऊन सांगू का कॅन्सर आहे म्हणून? तसं एकदम नको. दुपारची वेळ धरा, गोळी लागू पडलेली असताना. पलंगावर बसा, हात हातात घ्या आणि म्हणा, ‘त्या दिवशी तू पाटल्यांचं सांगत होतीस, मी ऐकलं नाही. आता सांग.’ मग मध्ये बोलू नका. त्यांनी विचारलं की ‘मी बरी होणार का गं?’, तर आधी उलट विचारा, ‘तुला काय वाटतंय?’ बहुतेक वेळा उत्तर त्यांच्याकडेच असतं. त्यांनी सरळ उत्तर मागितलं, तर सरळ द्या: ‘हा आजार बरा होणारा नाही असं डॉक्टर म्हणालेत. पण तुला दुखू नये म्हणून सगळं करू, आणि मी इथेच आहे.’ महिने-दिवस सांगू नका. ते डॉक्टरांनाही नेमके सांगता येत नाहीत. आणि त्या म्हणाल्या ‘मला काही सांगू नका’, तर तोही त्यांचा हक्क, तो पाळा. मात्र तीन गोष्टी विचाराच: कशाची सगळ्यात जास्त भीती वाटते, कुठे राहायचंय, आणि कुणाला भेटायचंय. तुमच्या पत्रात भाऊ काय म्हणतो, मावशी काय म्हणतात, डॉक्टर काय म्हणाले, हे सगळं आहे. आईंना काय हवंय, हे चार पानांत कुठेही नाही. तुम्ही ज्या प्रश्नानं झोप घालवून बसला आहात, त्याचं उत्तर द्यायचा पहिला अधिकार त्यांचा आहे.

भावाबद्दल. रागावू नका त्याच्यावर. तो तिकडे बसून आहे, आईची उशी त्याला दिसत नाही, आणि इथे नसण्याची टोचणी पैशानं भरून काढायला बघतोय. डॉक्टर मंडळींमध्ये तर यासाठी एक शब्दप्रयोगच आहे, ‘कॅलिफोर्नियाची मुलगी’: जी लांबून येते आणि ‘सगळं करा’ म्हणते. त्याला एक आठवण करून द्या. तो ज्या देशात राहतो त्या देशाचे माजी राष्ट्राध्यक्ष जिमी कार्टर यांनी फेब्रुवारी २०२३मध्ये पुढचे उपचार नाकारून घरीच हॉस्पिस सेवा घेतली. सगळ्या जगाला वाटलं आता काही दिवसांचेच सोबती. ते त्यानंतर जवळजवळ बावीस महिने जॉर्जियातल्या आपल्या छोट्या गावी राहिले आणि शंभरी पूर्ण करून २९ डिसेंबर २०२४ रोजी गेले. पैशानं मिळणारा कुठलाही उपचार त्यांना मिळू शकला असता.

त्याचं डॉक्टरांशी व्हिडिओ कॉलवर बोलणं करून द्या. तुम्ही मधला निरोप्या होऊ नका. त्याच्या शंका त्यानंच विचाराव्यात. आणि त्याला स्पष्ट सांगा: तेराव्यापर्यंत रजा काढून तू येशीलच, ती रजा आत्ता काढ. आईशी बोलता येईल, तिच्या हातचं नाही तरी तिच्याबरोबर बसून जेवता येईल. माझ्या मते, तुमच्या घरात सगळ्यात निकडीचा निर्णय हा आहे.

आयसीयूचं विचारलंत. आयसीयू वाईट नव्हे. जिथून माणूस परत येऊ शकतो तिथे ती वरदान आहे. माझे वडील गेले ते आयसीयूत, अकराव्या दिवशी. आजार आईंसारखाच, परतीचा रस्ता नसलेला. सकाळ-संध्याकाळ दहा-दहा मिनिटं आम्हाला आत सोडत. नळी ओढून काढू नये म्हणून त्यांचे हात बांधले होते, आणि ते डोळ्यांनी काहीतरी सांगत होते. काय, ते मला आजतागायत कळलेलं नाही. आम्ही चार भावंडं, सगळी शिकलेली. त्यांना बोलता येत होतं तेव्हा एकानंही विचारलं नव्हतं. म्हणून तुम्हाला पुन्हा पुन्हा सांगते, आईंना विचारा.

त्यांनी ‘मला नळ्या नकोत, घरीच राहू द्या’ असं सांगितलं, तर ते मान्य करणं कायद्याच्या विरोधात नाही. ९ मार्च २०१८ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठानं सन्मानानं मरण्याचा अधिकार राज्यघटनेच्या कलम २१मध्ये, म्हणजे जगण्याच्या हक्कातच, येतो असं सांगितलं आणि ‘लिव्हिंग विल’ला, म्हणजे पुढे कोणते उपचार नकोत हे आधीच लिहून ठेवलेल्या कागदाला, मान्यता दिली. आधी त्यावर न्यायदंडाधिकाऱ्यांची सही लागायची. जानेवारी २०२३पासून दोन साक्षीदार आणि नोटरी किंवा राजपत्रित अधिकारी पुरतात. आई शुद्धीवर आहेत तोवर त्यांचा स्वतःचा नकार पुरेसा आहे. पण पुढे बोलता येईनासं झालं तर हा कागद तुम्हाला भावाच्या आणि हॉस्पिटलच्या आग्रहापुढे आधार देईल. त्यात आईंच्या वतीनं कोण बोलेल त्याचं नावही घालता येतं. धडधाकट वाचकांनीही हा कागद करून ठेवावा, मी केला आहे.

मावशींना सलाईनचं समजावणं जास्त अवघड जाईल, कारण आपल्याकडे माया ताटातूनच वाहते. त्यांना सांगा, ग्लुकोजच्या अर्ध्या लिटरच्या बाटलीत साधारण २५ ग्रॅम साखर असते, म्हणजे पाच-सहा चमचे. त्यानं कुणाचं पोट भरत नाही. आजार या टप्प्यावर आला की शरीर अन्न वापरेनासं होतं. खात नाही म्हणून माणूस जात नाही, जायला निघालाय म्हणून भूक मंदावते. त्या वेळी शिरेतून ओतलेलं पाणी पायांवर, पोटात, छातीत साठून त्रास वाढवू शकतं. उलट्यांनी पाणी कमी झालं असेल तर गोष्ट वेगळी, ते डॉक्टर ठरवतील. मावशींना खरंच काही करायचं असेल, तर आईंना आवडणारं काहीतरी दोन चमचे भरवू दे: ताक, लिंबाचं सरबत, आइस्क्रीम. तिसरा चमचा नको म्हणाल्या तर आग्रह नाही.

आईंनी घर निवडलं, तर पुढचं थोडं आधी माहीत असलेलं बरं. हवेची गादी भाड्यानं मिळते. दर दोन तासांनी कूस बदलली तर पाठीच्या जखमा बऱ्याच टळतात. शेवटच्या दिवसांत झोप वाढेल, हातपाय गार पडतील, श्वास मध्येच थांबून पुन्हा सुरू होईल, घशात घरघर लागेल. ती घरघर आपल्याला ऐकवत नाही, पण त्या अवस्थेतल्या माणसाला तिचा त्रास बहुधा जाणवत नाही. एका कुशीवर वळवलं की कमी होते, औषधही असतं. त्या वेळी घाबरून ॲम्ब्युलन्स बोलावली जाते आणि नको असलेली आयसीयू दारात येते. म्हणून रात्री कुणाला फोन करायचा, तो नंबर मोठ्या अक्षरात भिंतीवर लावा. तुमच्या गावातल्या डॉक्टरांना आत्ताच घरी बोलावून आई दाखवून ठेवा, कागदपत्रं दाखवा. घरी मृत्यू झाल्यावर शेवटच्या आजारात बघणाऱ्या डॉक्टरांचा दाखला लागतो, नमुना ४अ. आणि नोंद २१ दिवसांत करायची असते. हे लिहिताना मलाही जड जातंय. पण त्या रात्री दाखल्यासाठी तुम्ही दारोदार फिरू नये, एवढंच.

तुमच्या स्वतःच्या जेवणाझोपेबद्दल पत्रात अक्षर नाही. आठवड्यातून दोन रात्री दुसऱ्या कुणाला तरी जागू द्या: मावशी, यजमान, शाळेतली मैत्रीण. विचारलंत तर येतील.

आणि वडील. ते ओसरीवर बसून असतात, एवढंच तुम्ही लिहिलंय. त्यांना ऐकू कमी येतं म्हणून घरातली कुठलीच चर्चा त्यांच्यापर्यंत पोचत नसेल, पण पन्नास वर्षांची सोबतीण रात्री झोपत नाही हे त्यांना दिसतंय. त्यांच्याजवळ बसून, मोठ्यानं, किंवा पाटीवर लिहून, सगळं सांगा. मग आईंच्या पलंगाशेजारी त्यांची खुर्ची ठेवा आणि एक काम फक्त त्यांचं ठेवा: वाटीत पाणी, कापसाचा बोळा, आणि दर थोड्या वेळानं आईंचे ओठ ओले करायचे. त्याला ऐकू यावं लागत नाही.